गाळलेला सूर

पेटी उघडली तेव्हा आधी उंदरांच्या लेंड्या निघाल्या,
मग भात्याचं चामडं, हात लावताच भुगा.
रूळ मात्र शाबूत.
लाकडावर पितळेचे बारीक खिळे, दाट,
मुंग्या जागच्या जागी थिजाव्यात तसे.

आमच्या मिरकूर गावात अडीचशे वर्षांपूर्वी
असल्या पेट्या घरोघर बनायच्या.
काम एकच: पिंजऱ्यातल्या कॅनरीला गाणं शिकवणं.
पिंजऱ्यावर काळं फडकं टाकायचं,
दांडा फिरवायचा, दहा नळ्या वाजायच्या,
तीच धून दिवसातून चाळीसदा,
महिनोन्महिने.
पक्षी कंटाळून, की घाबरून,
की दुसरं कुणी बोलायलाच नाही म्हणून
एके सकाळी तसाच गायचा.

पॅरिसात त्या काळी तांब्याचं एक बदक होतं.
दाणे टिपायचं, मान हलवायचं,
आणि थोड्या वेळाने शिटायचं.
लोक तिकीट काढून बघायचे: बघा, पचवलं!
पुढे कळलं की घाण आधीच भरून ठेवलेली,
दाणे आत वेगळ्याच डब्यात, कोरडे.
मला त्या बदकाचं हसू येत नाही.
मी विचार करते,
रोज रात्री तो डबा कोण रिकामा करत असेल.

रुळाच्या पोटात चिटोरं सापडलं.
झेली उंबेर. सहावी धून. गुरुवार.
बस्स, एवढंच.
नगावर पैसे मिळायचे या बायकांना,
दिवसभर खिळे ठोकून डोळ्यांना पाणी.

सहाव्या धुनेत, तिसऱ्या वळणावर
एक भोक आहे. खिळा नाही.
भिंगातून पाहिलं: कडेला हिरवा डाग नाही,
म्हणजे पितळ तिथे कधी शिरलंच नाही.
झेलीबाई, काय झालं होतं त्या गुरुवारी?
दूध उतू गेलं? कुणी हाक मारली?

महिन्याने म्हातारा कोलने पेटी न्यायला आला,
कोटाच्या आत लाकडी पिंजरा, त्यात पिवळा नर.
त्याच्या आजोबांपासून पेटी मुकीच.
मी नवं चामडं लावलेलं, नळ्या पुसलेल्या.
दांडा फिरवला.
तिसऱ्या वळणावर धून ठेचकाळली,
आणि कोलने खुर्चीतून उठला.

"आमचे सगळे इथेच थांबतात," तो म्हणाला.
"याचा बाप थांबायचा. त्याचाही बाप.
मला वाटायचं, श्वास घेतात."

कुणीच बोललं नाही मग.
पेटी शंभर वर्षं मुकी,
आणि गाळलेला तो सूर
चोचीतून चोचीत, पिंजऱ्यातून पिंजऱ्यात,
घराण्याची खोड उतरावी तसा
अगदी बिनचूक गळत आलेला.

वाटलं, तो म्हणेल, राहू द्या.
तो म्हणाला, "बसवा खिळा.
एकदा तरी पुरी ऐकू."

चिमट्यात खिळा धरला, हलकेच ठोकला.
धून पुरी वाजली. गोड होती.
इतकी साधी, की दोघांनाही जरा लाजल्यासारखं झालं.
पिंजऱ्यातल्याने मान तिरकी केली,
दांडीवर दोन पावलं सरकला,
आणि तोंड फिरवून दाणे फोडू लागला.

"काढा," कोलने म्हणाला.

काढला. कामाचे पैसे घेतले, खिळ्याचे नाही.
बर्फ भुरभुरत होतं, त्याने पिंजरा पुन्हा कोटात घेतला,
आणि दारातून बाहेर पडताना
कोटाच्या आतून ते गाणं आलं,
थांबलं,
पुढे गेलं.

आता त्या भोकाला पितळ लागलंय.
अजून शंभर वर्षांनी कुणीतरी भिंग लावून बघेल
आणि वहीत खात्रीने लिहील:
इथे खिळा होता. पडला असावा.